कडेचा बैल

२०१८ साली नांदेडला एका लग्नाला गेलो होतो. तिथून पुढे हैदराबादला जायचे होते. लासूर स्टेशनला कांद्याचा व्यापार करणारे आमचे एक शेजारी बरोबर होते. 'उडान' योजनेखाली २७ एप्रिल २०१७ पासून नांदेड-हैदराबाद विमान सुरू झाले होते. म्हटले, एकदा बसून पाहू. विमानाजवळ पोचताच शेजारी थबकले. "साहेब, याला तर पंखे आहेत! मराठवाड्याच्या वाट्याला कायम उतरलेलाच माल."

त्यांची समजूत चुकीची होती, पण ती एकट्या त्यांची नाही. पंखा दिसला की विमान जुनाट, असे शिकलेली माणसेही धरून चालतात. पंख्याचे विमान जेटइतके वेगाने का जात नाही, आणि नाही जात म्हणून ते कमअस्सल ठरते का, हे दोन्ही प्रश्न थोडे सावकाश पाहण्यासारखे आहेत.

ज्यांनी खळे पाहिले आहे त्यांना पहिल्याचे उत्तर अर्धे ठाऊक आहे. मेढीभोवती बैलांची पात धरली की सगळे बैल फेरा एकाच वेळी पुरा करतात. पण मेढीजवळचा म्हातारा बैल जागच्या जागी पाय उचलतो आणि कडेच्या बैलाला मात्र जवळजवळ पळावे लागते. विमानाच्या पंख्याचेही तसेच. मधला तुंबा संथ फिरतो, टोक धावते. आम्ही ज्यात बसलो त्या एटीआर-७२ विमानाचा पंखा ३.९३ मीटर व्यासाचा, उड्डाणाच्या वेळी मिनिटाला १२०० फेरे घेणारा. हिशेब केला तर पात्याचे टोक सेकंदाला सुमारे २४७ मीटर, म्हणजे ताशी जवळजवळ ८९० किलोमीटर वेगाने पळते. विमान अजून जमिनीवरच असते!

आता अडचण येते ती आवाजाची. जमिनीलगत ध्वनीचा वेग सेकंदाला सुमारे ३४० मीटर. वर थंडीत तो कमी होतो, सहा किलोमीटर उंचीवर ३१६ च्या आसपास. एखादी वस्तू हवेतून जाते तेव्हा पुढच्या हवेला बाजूला होण्याची वर्दी ध्वनीच्याच वेगाने पोचते. पात्याचे टोक त्या वेगाला भिडले की वर्दी पोचायच्या आत पातेच येऊन धडकते. हवा तुंबते, धक्क्याच्या लाटा उठतात, इंजिनाची ताकद ओढण्याऐवजी गोंगाटात खर्ची पडते. शिवाय विमान पुढे जात असते, तोही वेग टोकाच्या वेगात मिळतो. स्क्रूच्या आट्यासारखी टोकाची वाट असते. शाळेतला पायथागोरस लावून पाहा. त्याच फेऱ्यांवर हे विमान ताशी ८०० किलोमीटरने पळवले, तर टोकाचा वेग ३३० च्या पुढे जातो. म्हणजे अख्खे विमान ध्वनीच्या मागे, आणि पात्याची टोके पुढे.

हा अडसर मोडून पाहणारे झाले. १९५५ साली अमेरिकेने एक्सएफ-८४एच नावाचे विमान उडवले. त्याच्या पंख्याची टोके मुद्दामच ध्वनीपेक्षा वेगाने फिरत. त्याचा आवाज चाळीस किलोमीटरवर ऐकू येई असे सांगतात. जवळ काम करणाऱ्यांना मळमळू लागे. दोनच विमाने बनली आणि प्रकरण मिटले. रशियनांनी दुसरी वाट काढली. १९८८ साली गोव्यात दाबोळीला आपल्या नौदलात दाखल झालेले टीयू-१४२ आठवा. त्याचे पंखे ५.६ मीटरचे, पण मिनिटाला साडेसातशेच फेरे घेणारे, आणि एकामागे एक उलट दिशांनी फिरणारे. मोठा पंखा, मंद चाल. त्या विमानाने पंखा असूनही जेटच्या जवळपास जाणारा वेग गाठला. तरी पूर्ण वेगात टोके ध्वनीला गाठतच, आणि त्याची किंमत कानठळ्यांनी मोजावी लागे. २०१७ साली नौदलाने त्यांना निरोप दिला.

आता दुसरा प्रश्न. नांदेड ते हैदराबाद हवाई अंतर सुमारे अडीचशे किलोमीटर. ताशी ५०० ने अर्धा तास, ८०० ने एकोणीस मिनिटे. फरक अकरा मिनिटांचा, आणि तोही कागदावर. कारण एवढ्या अंतरात जेटला पुऱ्या वेगाने पळायला सवडच मिळत नाही. उलट जवळच्या पल्ल्याला पंखा कमी इंधनात काम भागवतो आणि आखूड धावपट्टीवर उतरतो. ती नांदेडची सेवा पुढे बंद पडली, पण त्यात पंख्याचा दोष नव्हता. छोट्या गावाला विमान हवे असेल तर ते दिमाखाचे असण्यापेक्षा परवडणारे, म्हणजेच टिकणारे हवे. वेगाचा हट्ट धरून उद्या रिकामे होणारे विमानतळ मागण्यात मराठवाड्याचे भले नाही.

बँकेत उभे आयुष्य काढल्यामुळे मला हे टोकाचे गणित जरा जास्तच पटते. मुख्य कचेरीत उद्दिष्टाचा आकडा थोडासाच वाढे. मेढीजवळ तो थोडाच दिसतो. खेड्यातल्या शाखेवर येईतो त्याची धाप लागे. एका वर्षी मीही तो आकडा गाठायला, नको म्हणणाऱ्या शेतकऱ्याला मोठे कर्ज घ्यायला लावले. आकडा गाठला गेला. दोन वर्षांनी त्याने विहिरीकडची जमीन विकली. यंत्राची मर्यादा मधे नसते, टोकाला असते, हे मला तेव्हा कोणी सांगितले नव्हते. सांगितले असते तर ऐकले असते का, ठाऊक नाही.

हैदराबादला उतरताना शेजारी म्हणाले, "आवाज आहे जरा, पण पोचवलं की हो वेळेवर."

वडील पात हाकायचे तेव्हा आसूड हातात असे, पण नजर कडेच्या बैलावर. त्याच्या तोंडाला फेस दिसला की सगळी पात हळू होई. मळणी त्यांची कधी अडली नाही.