प्रेमकथा दीडपट वेगाने?

हल्ली कुठलीही ऑडिओकथा दीडपट वेगाने ऐकायची, वर प्लेअरला सांगून मधली शांतताही कापायची. वेळ वाचतो म्हणे! रहस्यकथेचं एक वेळ ठीक. पण बंगाली प्रेमकथा?

श्रुतिनाटक म्हणजे ना सेट, ना मेकअप. जगन्नाथ आणि ऊर्मिमाला बसू या नवरा-बायकोने ते नुसत्या आवाजावर गाजवलं. अशा नाटकात ती "हं" म्हणते आणि दोन सेकंद काहीच नाही. कोडच्या लेखी ती शांतता कचरा. ऐकणाऱ्याला तो होकार असतो, राव!

१९७६ साली कलकत्ता आकाशवाणीने महालयाच्या पहाटे वीरेंद्रकृष्ण भद्रांऐवजी चक्क उत्तमकुमारला आणलं. बंगाली पडद्यावरचा सगळ्यात लाडका प्रियकर! तरी लोक भडकले आणि भद्रांना परत आणावं लागलं. ते देवीचं आख्यान होतं, प्रेमकथा नव्हे, मान्य. पण लोकांना नुसती देवीची गोष्ट नको होती. तोच सूर, तोच भरून येणारा गळा हवा होता.

तुम्ही नेमकं तेच कापताय. घाई असेल तर बातम्या ऐका ना! प्रेमकथेत उरकायचं काय असतं?