डोंगर आमचा, पाणी तुमचं

दर जुलैत ऑफिसच्या ग्रुपवर मला हमखास एक मेसेज येतो. "तू शहापूरचा ना? मस्त धबधबा सुचव." मी माहुलीचं नाव सांगतो. सोमवारी माहुली, माळशेज, नाणेघाटाचे फोटो पडतात आणि खाली कोणीतरी लिहितं, "यार, तुम्ही लोक लकी आहात."

एप्रिलमध्ये मात्र कोणी काही विचारत नाही. तेव्हा माझ्या मामीच्या पाड्यावर टँकर येतो. तो विहिरीत पाणी ओततो आणि बाया हंडे घेऊन विहिरीभोवती गर्दी करतात. उशीर झाला की तळातला गढूळ गाळ तेवढा हाती लागतो.

आता नकाशा उघडा. तानसा धरण शहापूर तालुक्यात आहे आणि १८९२ पासून मुंबईला पाणी देतंय. भातसाही शहापुरातच. मुंबईच्या रोजच्या पाण्यातला जवळपास निम्मा वाटा त्या एका धरणाचा. मुरबाडची गावं बारवीच्या पाण्याखाली गेली. ते पाणी कारखान्यांना आणि शहरांना जातं. म्हणजे सह्याद्रीने ढग अडवायचे, आम्ही जमिनी द्यायच्या आणि उन्हाळ्यात टँकरची वाट बघायची.

यावर शिकलेली माणसं भूगोल सांगतात. काळा कातळ पाणी धरत नाही, उतार तीव्र आहे, पाऊस चार महिन्यांत वाहून जातो. हे सगळं खरं आहे. पुढे म्हणतात, पाडे धरणाच्या वर आहेत, पाणी उलटं कसं चढवणार? मी इंजिनियर आहे, म्हणून हे ऐकून जास्त राग येतो. भातसाचं पाणी मुंबईला पोचवायला पिसे आणि पांजरापूरला अजस्र पंप चालतात. तिथे चढ आड येत नाही. आमच्या पाड्याची वेळ आली की लगेच वीजबिल आठवतं.

न्यूयॉर्कचं पाणीही कॅट्सकिलच्या डोंगरांतून येतं. १९९७ मध्ये त्या शहराने वरच्या गावांशी करार केला. अब्जावधी डॉलरचा शुद्धीकरण प्रकल्प बांधण्यापेक्षा तिथली शेती, सांडपाणी आणि जंगल नीट राखायला पैसे देणं शहराला स्वस्त पडलं. तिथेही धरणांखाली गावं बुडाली होती, सगळं गोड नव्हतं. पण डोंगरातल्या माणसांचं काही देणं लागतो, एवढं शहराने कागदावर मान्य केलं.

आपल्याकडे हे का होऊ नये? मुंबईच्या पाणीपट्टीतला ठरावीक वाटा धरणांच्या तालुक्यांना मिळावा आणि तो आधी पाड्यांच्या उपसा योजनांवर आणि त्यांच्या वीजबिलावर खर्च व्हावा. ही भीक नाही, थकबाकी आहे.

हे मी मुलुंडच्या भाड्याच्या फ्लॅटमध्ये बसून लिहितोय. नळ सोडला की आमचंच पाणी येतं, मामीला न मिळालेलं. त्यामुळे बोट माझ्याकडेही आहे. धबधब्यावर जरूर या. पण एकदा एप्रिलमध्येही या, आणि पुढच्या निवडणुकीत तुमच्या नगरसेवकाला विचारा, की आपण पितो त्या पाण्याचे शहापूरला किती देतो?