त्रिकोणातला ण आणि तिकोन्यातला न

दहावीनंतर भूमितीला रामराम ठोकून आम्ही कलाशाखेत आलो. पण 'काटकोन त्रिकोण' हे जोडनाव काही पाठ सोडत नाही. दोन शब्द शेजारी शेजारी, एकात न आणि दुसऱ्यात ण! क्रमिक पुस्तकात कोन, चौकोन, पंचकोन सगळे न चे. त्रिकोण तेवढा ण चा. असे का, हे गणिताचे सर सांगत नाहीत, कारण तो प्रश्न मराठीचा. आणि मराठीच्या बाई सांगत नाहीत, कारण तो गणिताचा.

उत्तर तसे सोपे आहे. संस्कृतात शब्द 'कोण'. मराठीच्या तोंडी तो 'कोन' झाला, 'चतुष्कोणा'चा 'चौकोन' झाला. त्रिकोण मात्र सोवळ्यात राहिला, संस्कृतातून उचलला तसाच. त्याचेही मराठमोळे रूप आहे बरे का. पण ते पुस्तकात नाही, आमच्या पवन मावळात आहे. तिकोना! वितंडगड हे या किल्ल्याचे दुसरे नाव. १६६५ च्या पुरंदरच्या तहात जे २३ किल्ले मोगलांकडे गेले, त्यांत हा होता. दुरून डोंगर त्रिकोणी दिसतो म्हणून तिकोना. नाव ठेवणाऱ्यांना प्रमेये ठाऊक असण्याचे कारण नव्हते, डोळे पुरेसे होते.

याहून जुने एक नाव शुल्बसूत्रांत सापडते. यज्ञवेदीची मापे सांगताना समद्विभुज त्रिकोणाला तिथे 'प्रउग' म्हटले आहे. प्रउग म्हणजे गाडीचा जुवाकडे निमुळता होत जाणारा पुढचा भाग. बैलगाडी पाहिलेल्या माणसाला याची वेगळी व्याख्या कशाला हवी? हिंदी पुस्तके 'त्रिभुज' म्हणतात, म्हणजे बाजू मोजतात. आपण कोपरे मोजतो.

आता मुद्द्यावर येतो. मावळच्या खेड्यातून आलेला मुलगा 'पानी' म्हणाला, 'लोनावळा' म्हणाला, की वर्गात हशा पिकतो. एका वक्तृत्व स्पर्धेत याच 'पानी'पायी माझे गुण कापले गेले. विषय धरणग्रस्तांचा होता. पाण्यावाचून बोलणार कसे?

संस्कृतात 'पानीय' आहे, त्यात न आहे. प्रमाण मराठीने त्याचा ण केला, ते शुद्ध. 'कोण'मधल्या ण चा न केला, तेही शुद्ध. मग खेड्यातल्या जिभेवर 'पानीय'चा न राहिला, तर तेवढाच अशुद्ध कसा? प्रमाण लेखनाला माझा विरोध नाही. उत्तरपत्रिकेत मी 'पाणी'च लिहितो आणि 'त्रिकोण'ही ण काढूनच लिहितो. माझी तक्रार हसण्याबद्दल आहे. शुद्धलेखनाचे नियम छापलेले आहेत. कोणाच्या उच्चाराला हसायचे, हा नियम कुठे छापला आहे?

आमच्याकडे तिकोन्याला कोणी 'त्रिकोणगड' म्हणत नाही. कोणी म्हणालेच, तर पवनेकाठची म्हातारी माणसे 'कुठला गड, बाबा?' एवढेच विचारतील, आणि वाट दाखवतील.