1913 नंतरची चार वर्षे

चौकजवळ हातनोलीला नितीन देसाई यांनी 2005 साली एन. डी. स्टुडिओ उभारला आणि ‘जोधा अकबर’च्या भव्य सेटमुळे कर्जत-खालापूरचे नाव सिनेमाशी जोडले गेले. पण या पट्ट्याचा सिनेमाशी संबंध त्याहून बराच जुना. कर्जत मार्गावरच्या वांगणीत दादासाहेब फाळके ‘राजा हरिश्चंद्र’च्या बाह्यचित्रीकरणासाठी उतरले होते, तलवारी पाहून गावकऱ्यांना ही मंडळी दरोडेखोर वाटली, असे सांगतात. त्या चित्रपटात बायकांची कामेही पुरुषांनीच केली. जाहिराती देऊन, थेट वेश्यावस्तीत विचारूनही फाळक्यांना तारामती मिळेना. अखेर ग्रँट रोडच्या हॉटेलातले आचारी अण्णा साळुंके पंधरा रुपयांवर तारामती झाले. त्याच वर्षी, 1913 मध्ये, फाळक्यांच्याच ‘मोहिनी भस्मासुर’मध्ये दुर्गाबाई कामत पार्वती झाल्या आणि त्यांची जेमतेम तेरा वर्षांची मुलगी कमला मोहिनी झाली.

सामान्यज्ञानाच्या पुस्तकांत या मायलेकी ‘पहिल्या’ म्हणून एका ओळीत येतात आणि तिथेच संपतात. त्या एका ओळीने वाचकाची फसगत होते. मायलेकींनी वाट मोकळी केली आणि मागून बायका येत गेल्या, असे त्यातून वाटते. प्रत्यक्षात 1917 च्या ‘लंकादहन’मध्ये रामाची भूमिका साळुंके यांनीच केली आणि सीतेचीही त्यांनीच. कमलाबाई तोवर पुन्हा नाटकात गेल्या होत्या. म्हणजे दार उघडले ते फिरत्या नाटक मंडळीतून आलेल्या या दोघींनी. नवऱ्यापासून वेगळ्या होऊन मुलीला वाढवणाऱ्या दुर्गाबाईंनी लोकनिंदा आधीच सोसली होती, आणि ते धैर्य सिनेमाला आयते मिळाले. पण ते दार उघडे ठेवण्याची निकड सिनेमाला तेव्हा वाटली नाही.

यावर कुणी म्हणेल, प्रेक्षकांना साळुंके आवडत होते, मग अडले कुठे? ते आवडत होते हे खरेच. रंगभूमीवर बालगंधर्वांचा तर तो बहराचा काळ. पण म्हणूनच तेरा वर्षांच्या मुलीचे काम अवघड होते: नावाजलेल्या पुरुषांनी व्यापलेल्या जागेत तिला उभे राहायचे होते. ‘मोहिनी भस्मासुर’ आज पाहताच येत नाही, तर अभिनय तोलणार कसा, हा आक्षेप अधिक वजनदार आहे. त्या एका भूमिकेचा कस आता लावता येणार नाही, हे मान्य. कमलाबाईंचे पुढचे आयुष्य मात्र समोर आहे. पती रघुनाथराव गोखले यांच्या निधनानंतर त्यांनी अभिनयावर तीन मुलगे वाढवले. त्यांतले चंद्रकांत गोखले स्वतः नामवंत नट झाले. बोलपटांत त्या परतल्या आणि 1980 च्या ‘गहराई’पर्यंत पडद्यावर दिसत राहिल्या. रीना मोहन यांच्या ‘कमलाबाई’ या माहितीपटात तर वृद्ध कमलाबाई स्वतः बोलताना भेटतात. इतकी दीर्घ कारकीर्द योगायोगाने होत नाही.

चौकच्या स्टुडिओत सिनेमाचा इतिहास मांडायचा झाला, तर फाळक्यांशेजारी दुर्गाबाई आणि कमलाबाईंचे छायाचित्र हवे. त्याखाली 1913 लिहावे, आणि ‘लंकादहन’चे 1917 सुद्धा.