दिवा बदलण्याआधी गाडीखाली वाका

मीटरमध्ये पिवळी खूण पेटते आणि तिच्यासोबत हेडलाइटमध्ये बिघाड असल्याची ओळ येते. गाडी सर्व्हिस सेंटरला जाते, स्कॅनर लागतो आणि तासाभरात सल्लागार कोटेशन पुढे सरकवतो. ‘‘साहेब, पूर्ण असेंब्ली बदलावी लागेल. आतलं सुटं काही मिळत नाही.’’ परदेशी बनावटीच्या गाडीत हा आकडा सहज लाखापुढे गेलेला असतो. काही मालक निमूट पैसे भरतात. बाकीचे पिवळ्या खुणेकडे काणाडोळा करून वर्षभर तशीच गाडी पळवतात, आणि त्याची किंमत त्यांना नाही, समोरून येणाऱ्याला मोजावी लागते.

अ‍ॅडॅप्टिव्ह हेडलाइट म्हणजे वळणासोबत वळणारा आणि गाडीतल्या ओझ्यानुसार झोत वर-खाली करणारा दिवा. त्याच्या दुरुस्तीत आपल्याकडे उलटी गंगा वाहते. सगळ्यात महाग वस्तू आधी बदलली जाते आणि सगळ्यात स्वस्त वस्तू आठवलीच तर शेवटी तपासली जाते.

मुळात या दिव्याला स्वतःचं डोकं फारसं नसतं. त्यात एक-दोन छोट्या स्टेपर मोटरी असतात आणि सांगितलं तेवढं वळणं हेच त्यांचं काम. सांगणारे सगळे दिव्याबाहेर बसलेले असतात. स्टिअरिंग किती वळलंय ते स्टिअरिंगचा सेन्सर कळवतो, वेग चाकांवरून येतो आणि गाडीचा पुढचा-मागचा भाग किती दबलाय ते सस्पेन्शनजवळचे लेव्हल सेन्सर सांगतात. यातला एक जरी गप्प बसला किंवा खोटं बोलला, तरी खूण पेटते ती हेडलाइटच्या नावाने.

जुन्या काळी ही गोष्ट उघड दिसायची. अमेरिकेतल्या प्रेस्टन टकरने १९४८ साली काढलेल्या गाडीला मधोमध तिसरा दिवा होता. स्टिअरिंग १० अंशांपेक्षा जास्त वळलं की तोही वळायचा. फ्रान्सच्या सिट्रोएन कंपनीने १९६७ मध्ये डीएस गाडीला काचेमागे चार दिवे दिले. त्यातले आतले दोन स्टिअरिंगला जोडलेल्या केबलने फिरत आणि बाहेरचे दोन सस्पेन्शनशी जोडल्यामुळे गाडी झुकली तरी समपातळीत राहत. तिथे बिघाड म्हणजे केबल सैल पडलेली किंवा तुटलेली. मेकॅनिक वाकायचा, बघायचा आणि ताणून द्यायचा. आज केबलच्या जागी तारा आणि सिग्नल आले तरी बिघाड बऱ्याचदा त्याच ठिकाणी असतो. फरक एवढाच की आता वाकतं कोण?

तपासणीची सुरुवात एका भिंतीपासून करावी. सपाट जागेवर भिंतीपासून सुमारे १० मीटर अंतरावर गाडी उभी करायची, डिपर लावायचा आणि इंजिन चालू करायचं. बऱ्याच गाड्यांत त्या क्षणी झोत आधी खाली झुकतो, मग वर येऊन जागेवर थांबतो. मोटर आपला शून्यबिंदू शोधत असते. दोन्ही बाजूंनी हे झालं, तर मोटरी आणि त्यांच्या तारा बहुधा शाबूत आहेत आणि दुखणं दिव्याबाहेर आहे. एक बाजू हलली आणि दुसरी ढिम्म राहिली, तर मात्र त्या बाजूचा कपलर, मॉड्यूल किंवा मोटर बघायची. नंतर दोघा-तिघांना मागच्या सीटवर बसवायचं. झोताची वरची कड भिंतीवर वर सरकते आणि परत खाली येते, काही गाड्यांत लगेच, काहींत थोड्या वेळाने. ती वरच राहिली, तर लेव्हल सेन्सरकडे बोट जातं. यासाठी एक रुपयाही लागत नाही, म्हणूनच की काय, कोटेशनमध्ये ही तपासणी कधी दिसत नाही.

इथे एक फसगत नेहमी होते. उभ्या गाडीत स्टिअरिंग फिरवून ‘‘बघा, लाइट वळतच नाही’’ असा निकाल दिला जातो. पण अनेक गाड्यांत गाडी ठरावीक वेगाने धावू लागेपर्यंत झोत वळतच नाही. रिव्हर्समध्येही वळत नाही. तो दोष नसून तशी आखणीच केलेली असते.

मग गाडीखाली वाकायचं. चाकाजवळच्या आर्मपासून सेन्सरपर्यंत एक बोटभर लांबीची दांडी जाते. तिच्या दोन्ही टोकांना छोटे बॉल जॉइंट असतात आणि ते बरेचदा प्लास्टिकचे असतात. कोकणातली खारी हवा, चिखल, वॉशिंग सेंटरमधला जोराचा फवारा, चुकीच्या जागी लावलेला जॅक, यातलं काहीही त्यांना पुरतं. कधी सस्पेन्शनचं काम करताना मेकॅनिक दांडी काढून ठेवतो आणि परत अडकवायला विसरतो. दांडी लोंबकळत राहिली की सेन्सरला गाडी कायम एकाच पातळीत दिसते. ती शाबूत असेल, तर आर्मकडचं टोक सोडवून हाताने हळूहळू हलवायची आणि स्कॅनरवर चालू आकडे बघायचे. अनेक सेन्सर ५ व्होल्टवर चालतात आणि दांडी एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत नेली की सिग्नल साधारण अर्ध्या व्होल्टपासून साडेचारपर्यंत सलग चढतो. मध्येच आकडा गोठला किंवा एकदम उडी मारली, तर सेन्सर गेला. आतापर्यंत हेडलाइटला कुणी हातही लावलेला नाही, हे लक्षात घ्यावं.

आपल्या रस्त्यांची त्यात खास भर आहे. गतिरोधकावर गाडीचं पोट घासतं म्हणून स्प्रिंगखाली स्पेसर घालून गाडी उंच केली जाते. ज्या गाडीत पुढे आणि मागे दोन्हीकडे सेन्सर आहेत, तिथे दोन्ही टोकं सारखी उचलली तर फारसं बिघडत नाही, फक्त दांडी तिच्या मर्यादेबाहेर जाता कामा नये. पण जिथे फक्त मागे सेन्सर आहे, तिथे प्रणालीला वाटतं की गाडीची शेपटी वर आली आणि नाक खाली गेलं. मग ती झोत वर उचलते. नाक मुळीच खाली गेलेलं नसतं. डॅशबोर्डवर कुठली खूण नाही, कुठला कोड नाही, आणि घाटात समोरच्याचे डोळे दिपतात ते वेगळंच.

बॅटरीचं तर आधीच विचारायला हवं. ती कमजोर झाली, दुसऱ्या गाडीवरून जंप-स्टार्ट केलं किंवा तिची तार काढून लावली, तर हेडलाइटची मॉड्यूल तक्रार करतात. तसंच नुकतंच व्हील अलाइनमेंट झालं असेल, तर स्टिअरिंगचा शून्यबिंदू हलला आहे का ते पाहावं. चाकं सरळ असताना सेन्सर काही अंशांचं वळण सांगत असेल, तर दिवा बिचारा सरळ रस्त्यावर वळण शोधत बसतो. चाकाचा वेग मोजणारा सेन्सर गेला, तर वेगच कळत नाही आणि हेडलाइटची खूण पेटते. म्हणून स्कॅनर फक्त लाइटच्या मॉड्यूलला न लावता सगळ्या मॉड्यूलना लावायचा.

स्कॅनरविषयी थोडं सविस्तर लिहायला हवं, कारण खरी गंमत तिथेच आहे. फोक्सवॅगन समूहाच्या झेनॉन दिव्यांच्या पिढीतली उदाहरणं घेऊ. त्यातल्या स्कोडाच्या कित्येक गाड्या छत्रपती संभाजीनगरजवळच्या शेंद्र्यात जुळवल्या गेल्या. या गाड्यांत ००७७४ हा कोड मागच्या डाव्या लेव्हल सेन्सरकडे बोट दाखवतो. दुसरा एक कोड नेहमी भेटतो, ०१५३९. त्याचा अर्थ एवढाच की ‘हेडलाइटचं मूळ सेटिंग झालेलं नाही’. हा बिघाड नाही, राहून गेलेल्या कामाची नोंद आहे. सेन्सर किंवा कंट्रोल युनिट बदललं आणि सेटिंग केलं नाही, की तो येतो. या कोडपायी दिवे बदलण्याचा सल्ला देणारे आणि तो मानणारे, दोघेही आहेत.

ते सेटिंग तसं सोपं आहे. सपाट जागा हवी, टायरची हवा बरोबर हवी, गाडीत कुणी बसलेलं नको. स्कॅनरवरून आज्ञा दिली की युनिट काही सेकंदांत दोन्ही दिवे संदर्भाच्या जागी आणून उभे करतं. आता बीम सेटर, म्हणजे झोत मोजणारं यंत्र, समोर लावून स्क्रूने झोताची कड बरोबर आणायची आणि मग दुसरी आज्ञा देऊन ती जागा युनिटच्या लक्षात ठेवायची. मधली पायरी गाळून फक्त दोन आज्ञा दिल्या तरी कोड जातो. पिवळी खूण विझते, मालक खूश होतो, बिल निघतं. युनिटने मात्र चुकीची जागा पाठ केलेली असते. गॅरेजच्या भाषेत याला ‘कोड उडवला’ म्हणतात आणि सगळ्यात जास्त पैसे बहुधा त्याचेच वसूल होतात.

याहून वाईट प्रकार स्क्रूचा. बिघाड ओळखला की अनेक प्रणाली सुरक्षेसाठी झोत खाली नेऊन ठेवतात. मालकाला वाटतं उजेड कमी पडतोय. मग रस्त्याकडेचा इलेक्ट्रिशियन स्क्रू फिरवून झोत वर करतो. पुढे कधी तरी कुणी दांडी अडकवतो, प्रणाली शुद्धीवर येते आणि आपली सुधारणा त्या स्क्रूच्या वर चढवते. समोरचा अप्पर-डिपर देऊन थकतो. गाडीवाल्याला कळत नाही की हा चिडतोय कशाला, डिपर तर लावलेला आहे!

किती फरक पडतो याचा हिशेब लहान आहे. हेडलाइटवर किंवा त्याजवळ बरेचदा १.० टक्के किंवा तत्सम आकडा छापलेला असतो. १ टक्का म्हणजे १० मीटरवर झोताची कड दिव्याच्या उंचीपेक्षा १० सेंटीमीटर खाली. दिवा जमिनीपासून ६५ सेंटीमीटर उंच असेल, तर कड ६५ मीटरवर रस्त्याला टेकते. दिवा फक्त अर्धा अंश वर गेला, तर हीच कड सुमारे ५०० मीटरवर पोचते, म्हणजे समोरच्याच्या डोळ्यांपुरता विचार केला तर ती खाली येतच नाही. अमेरिकेतल्या इन्शुरन्स इन्स्टिट्यूट फॉर हायवे सेफ्टी या संस्थेने २०१६ मध्ये पहिल्यांदा हेडलाइटना गुण दिले, तेव्हा ३१ मध्यम आकाराच्या गाड्यांपैकी फक्त एकीला ‘चांगला’ शेरा मिळाला. त्या सगळ्या नव्या गाड्या होत्या. स्पेसर घातलेल्या आणि कोड उडवलेल्या गाडीचं काय विचारावं?

दिवाच खरोखर खराब झाला असेल, तर त्याची लक्षणं वेगळी असतात. काचेच्या आत थोडं धुकं साचून ते आपोआप गेलं, तर काळजी नाही. तळाशी पाणी साचलं असेल, तर आहे, कारण अनेक दिव्यांचं मॉड्यूल तळालाच बसवलेलं असतं. पॉलिकार्बोनेटची काच उन्हाने पिवळी पडली की झोत विखुरतो. जिथे दोन्ही बाजूंचं मॉड्यूल एकच असतं, तिथे डावं-उजवं अदलाबदल करून बघावं. बिघाड मॉड्यूलसोबत दुसऱ्या बाजूला गेला, तर दोषी सापडला. झेनॉनला मात्र घरच्या घरी हात लावू नये. तो पेटवताना २० हजार व्होल्टहून जास्त झटका तयार होतो.

जुना दिवा आणून बसवण्याचा मार्ग बरेच जण घेतात आणि त्यात गैर काही नाही. पण दुबईहून किंवा जर्मनीतून आलेला दिवा तिथल्या उजव्या बाजूच्या वाहतुकीसाठी बनलेला असतो. त्याच्या झोताची कड उजवीकडे वर चढते. भारतात उजवीकडे समोरून येणारी गाडी असते. युरोपीय मंजुरीच्या दिव्याची काच बघितली की हे ओळखता येतं. गोलातल्या ‘ई’ खुणेजवळ आडवा बाण असेल, तर तो डाव्या बाजूच्या वाहतुकीसाठी आहे. बाणाला दोन टोकं असतील, तर दोन्हीकडे चालतो. बाणच नसेल, तर तो घेऊ नये, कितीही स्वस्त मिळाला तरी.

नव्या मॅट्रिक्स दिव्यांत प्रश्न पुढच्या काचेपर्यंत पोचला आहे. ऑडीने २०१३ मध्ये ए८ गाडीला प्रत्येक दिव्यात २५ एलईडी दिल्या. समोरची गाडी कॅमेऱ्याला दिसली की तेवढ्याच एलईडी मंदावतात. कॅमेरा पुढच्या काचेमागे असतो. एक्स्प्रेसवेवर खडा उडून काच बदलली आणि कॅमेऱ्याचं कॅलिब्रेशन झालं नाही, तर अंधाराचा चौकोन समोरच्या गाडीच्या बाजूला पडतो आणि उजेड थेट तिच्यावर.

दोष एकट्या गॅरेजवर टाकता येणार नाही. दीड तास शोधून साठ-सत्तर रुपयांची क्लिप बदलणाऱ्या मेकॅनिकला ‘नुसतं बघायचे पैसे?’ असं विचारणारे आपणच. असेंब्ली विकली तर नफा सुटतो, शोध घेतला तर हुज्जत. मग तो असेंब्लीच विकणार.

कायद्याची अडचण नाही. केंद्रीय मोटार वाहन नियम १९८९ मधला १०६ क्रमांकाचा नियम अंतर आणि उंचीसकट सांगतो: ८ मीटरवर, १.५ मीटर उंचीवर ज्याचे डोळे आहेत, तो दिपता कामा नये. पण खासगी गाडीची तशी तपासणी पहिली १५ वर्षं होतच नाही. दरवर्षी पीयूसीला धुराची नळी तपासून घेतो, तिथेच समोर बीम सेटर ठेवून पाच मिनिटांत दोन दिवेही मोजता येतील. सरकार हे कधी करेल ते करो. तोवर हेडलाइटच्या कोणत्याही कामानंतर बिलावर डाव्या आणि उजव्या दिव्याचा कल टक्क्यांत लिहून मागावा, आणि लिहून मिळाला नाही तर पैसे देण्याआधी पुन्हा मागावा.