ऑस्करपर्यंत पोहोचलेला युरा बोरिसोव युद्धावर गप्प का?

'अनोरा' पाहिला असेल तर इगोर आठवतोच. हाणामारीसाठी आणलेला, पण फारसं न बोलणारा गुंड. बराच वेळ तो नुसता बघत असतो, तरी लक्ष त्याच्याकडेच जातं. या भूमिकेसाठी युरा बोरिसोवला २०२५ मध्ये सहाय्यक अभिनेत्याचं ऑस्कर नामांकन मिळालं. पुरस्कार किरन कल्किनने नेला.

बोरिसोवचा जन्म १९९२ चा, मॉस्कोजवळच्या रेउतोवचा. २०२० मध्ये तो पडद्यावर एके-४७ बनवणारा कलाश्निकोव झाला, तर २०२१ मध्ये 'कंपार्टमेंट नंबर ६'मुळे कान महोत्सवात गाजला.

२०२२ मध्ये रशियाने युक्रेनवर मोठं आक्रमण केलं. बोरिसोवने त्यावर जाहीर भूमिका घेतली नाही. युक्रेनमधून टीका झाली, कलाश्निकोवची भूमिकाही उकरून काढली गेली. राग समजण्यासारखा आहे, पण गप्प म्हणजे पाठिंबाच, हे म्हणणं घाईचं. रशियात लष्कराबद्दल 'खोटी माहिती' पसरवल्यास १५ वर्षांपर्यंत तुरुंगवास होऊ शकतो. युद्धाला उघड विरोध करून देश सोडणाऱ्या अभिनेता आर्टूर स्मोल्यानिनोवला २०२३ मध्ये 'परकीय हस्तक' ठरवलं गेलं.

बोरिसोवचं काम मात्र दोन्हीकडे सुरू राहिलं. ऑस्कर सोहळ्याच्या जेमतेम दोन आठवडे आधी रशियात त्याचा नवा सिनेमा लागला. त्यात तो कवी पुश्किन आहे.