चिक्कीच्या पाकिटावरची तारीख आणि आपली तारीख



थंडी पडू लागली की आपल्या शिनोलीकडे गूळ-शेंगदाण्याची आठवण होतेच. हल्ली मात्र बाजारातून चिक्कीचं पाकीट आणणं सोपं वाटतं. त्यावर ‘जैन’ लिहिलेलं असलं की आपण निर्धास्त! पण त्याचा अर्थ बहुतेक वेळा कांदा, लसूण, कंदमूळ नाही एवढाच. ते चिक्कीत कधी असतं का? आपण विचारायचे प्रश्न वेगळे आहेत: दाणे निवडले का, गूळ गाळला का आणि चिक्की किती दिवसांची आहे?

मुली नेहमी विचारतात, शेंग जमिनीत येते, मग ती कंदमूळ का नाही? भुईमुगाचं फूल जमिनीच्या वर येतं. नंतर त्याच्या आऱ्या मातीत शिरतात आणि टोकाला शेंग धरते. म्हणजे ते मूळ नाही, फळ आहे. तरीही ज्यांचा त्याग असेल, त्यांनी तो जरूर पाळावा.

दाणे ताटात पसरून निवडावेत. किडका, काळपट, बुरशी लागलेला दाणा बाजूला काढावा. बुरशीचं विष भाजूनही पूर्ण जात नाही. म्हणजे इथे जीवदया आणि आरोग्य एकाच ताटात आहेत. गुळात मुंगी, माशी, उसाचं चिपाड सापडतं, म्हणून तो थोड्या पाण्यात विरघळवून फडक्यातून गाळावाच. पिवळाधमक गूळ पाहून भुलू नका. रंग उजळायला त्यात हायड्रोस घातलेलं असू शकतं. मला तांबूस गूळच बरा वाटतो.

आता तारखेचं. पाकिटावर काही महिन्यांची मुदत असते. आपल्या श्वेतांबर परंपरेत पक्क्या पाकाच्या मिठाईचा काळ हिवाळ्यात ३०, उन्हाळ्यात २० आणि पावसाळ्यात १५ दिवस. त्याआधी वास किंवा चव बदलली, तर काळ तिथेच संपला. घरी केली की डब्यावर तारीख लिहिता येते. विकतच्या पाकिटावर बनवल्याची तारीख असते, पण ती वाचतं कोण?

प्रमाण सोपं आहे. पाव किलो दाणे मंद आचेवर भाजून, सालं काढून पाखडून घ्या. दोनशे ग्रॅम गूळ गाळून, चमचाभर तूप घालून आटवा. पाकाचा थेंब गार पाण्यात टाकल्यावर कडक होऊन कट्कन मोडला की गॅस बंद. दाणे घालून तूप लावलेल्या पोळपाटावर पटकन लाटा आणि गरम असतानाच वड्या पाडा. हे सगळं सूर्यास्ताआधी उरकेल असं बसा.

काही जणी म्हणतील, नोकरी, मुलं, सासू-सासरे सांभाळून हे कधी करायचं? बरोबर आहे. म्हणूनच किलो-किलोचे घाट घालू नका. पाव किलोच करा, संपली की पुन्हा करा. आणि निवडायचं ताट एकटीच्या मांडीवर नको. सासरे, नवरा, मुलं सगळ्यांनी बसावं. यतना हा घरातल्या फक्त बायकांचा धर्म नाही. जी चिक्की सगळे खाणार, तिचे दाणे सगळ्यांनी निवडावेत.

ज्यांना मुळीच जमत नाही, त्यांनी ओळखीच्या बाईकडून करून घ्यावी आणि तिला मेहनतीचे पुरते पैसे द्यावेत. तिला हे तीन प्रश्न मोकळेपणाने विचारता येतात, पाकिटाला विचारता येत नाहीत.